तयार व इच्छुक

या, असे जवळ येऊन बसा. मागे भिंतीला टेकलेल्यांनीही पुढे सरका, कारण ही गोष्ट हळू आवाजातच सांगता येते. हिच्यात लढाई नाही, चोर नाही, राजाराणी तर नाहीच नाही. एक लाकडी बाक आहे, त्यावर बसणारी दोन माणसं आहेत, आणि वाचायची राहिलेली एक ओळ आहे. गोष्ट संपल्यावर मी तुमच्याकडे एक मागणं मागणार आहे. ते शेवटी. आधी बाक.

बाक अपील कोर्टाच्या दुसऱ्या मजल्यावर, जिन्यालगतच्या व्हरांड्यात होता. त्या दिवशी म्हातारा मुद्रितशोधक नेहमीसारखा पावणेअकराला येऊन त्यावर बसला आणि डाव्या हाताची जागा धरण्यासाठी आपली कापडी पिशवी तिथे ठेवून दिली. ती जागा शिवणबाईंची. शाळेचे गणवेश शिवून शिवून त्यांची पाठ थोडी पुढे वाकली होती आणि जिना चढायला त्यांना वेळ लागे. म्हणून पिशवी. अकरा वर्षं अपील चाललं होतं, त्याआधी खालच्या कोर्टात आठ. एवढ्या काळात तो ज्यांच्याशी भांडत होता त्या याच बाई, आणि तो ज्यांच्यासाठी जागा धरत होता त्याही याच. यात काही विसंगत आहे असं त्याला पहिली काही वर्षं वाटे, नंतर वाटेनासं झालं. साडेअकराला शिपायाने पुकारा केला. मुद्रितशोधक आत जाऊन उभा राहिला. बाईंचे वकील उठले, चष्मा काढून हातात धरला, आणि म्हणाले की आमच्या अशील गेल्या महिन्याच्या नऊ तारखेला वारल्या. न्यायाधीशांनी विचारलं, वारस कोण? वकील म्हणाले, शोध चालू आहे. मुदतीत नाव दाखल करा, असं सांगून न्यायाधीशांनी फाईल मिटली. पुढचा पुकारा झालासुद्धा. सगळं मिळून एखाद्या माणसाने पाणी प्यावं एवढा वेळ लागला असेल. तो बाहेर आला तेव्हा पिशवी बाकावर जागा धरून बसली होती.

मागोमाग त्याचा वकील आला. हा दुसरा वकील. पहिला थकून घरी बसला, तेव्हा त्याच्या हाताखालच्या या पोराने फाईल घेतली आणि फाईल सांभाळता सांभाळता तोही पोक्त झाला. "काका," तो खांद्यावर हात ठेवून म्हणाला, "देवानेच निकाल दिला म्हणायचा. अपील त्यांचं होतं. मृत्यूपासून नव्वद दिवसांत वारसाने येऊन नाव लावलं नाही, तर अपील आपोआप पडतं. त्यातले चाळीस गेलेच. खालच्या कोर्टाचा हुकूम आपल्या बाजूचा आहे, तो कायम होईल, आणि खरेदीखतावर बाईंच्या ऐवजी कोर्ट सही करील. तुम्ही फक्त पन्नास दिवस गप्प बसायचं. जमेल ना?" आणि तो हसला, कारण काका गप्प माणूस म्हणून सगळ्या व्हरांड्याला माहीत होते.

बाईंचे वकील जिन्यापाशी थांबले होते. दमलेले गृहस्थ. त्यांनी खुणेने बोलावलं. म्हणाले, शेवटचं सगळं शेजारच्या न्हाव्याने केलं, नातलग म्हणून कुणी नव्हतं. मग म्हणाले, "विचारू नये तुम्हाला, तुम्ही पडलात समोरचे. पण बाकावर तुम्ही दोघं बोलायचात. त्यांची एक लेक होती म्हणे. कुठे असते, काही बोलल्या होत्या का?"

मुद्रितशोधकाचा हात कोटाच्या तिसऱ्या बटणाकडे गेला. "नाही," तो म्हणाला.

तो जिना उतरला तेव्हा पायऱ्या नेहमीपेक्षा जास्त वाटल्या. रस्त्यावर ऊन होतं, दुकानं उघडी होती, एक बाई हातगाडीवरची भांडी उलटीपालटी करून बघत होती आणि विकणारा तिला सांगत होता की बघून बघून भांडं झिजेल. तो चालत राहिला. ते तिसरं बटण बाकीच्यांसारखं नव्हतं, म्हणजे बटण तेच होतं, दोरा वेगळा होता. कधीतरी सात वर्षांपूर्वी ते बाकाच्या कडेला अडकून तुटलं, आणि तो ते हातात धरून बसला असताना बाईंनी पिशवीतून सुई काढली. त्यांच्याकडे फक्त निळा दोरा होता, गणवेशाचा. कोट तपकिरी. "चालेल का हो वादी?" त्यांनी विचारलं. त्या त्याला वादीच म्हणत. अपिलात कागदावरचं त्याचं नाव बदललं होतं, आता तो उत्तरवादी होता, पण त्यांनी ते कधी मानलं नाही. म्हणत, माझ्यासाठी तुम्ही खालच्या कोर्टापासून वादी, मरेपर्यंत वादी. दोरा दातांनी तोडताना त्या म्हणाल्या होत्या, "तुम्ही कोर्टापुढे असे अर्धे उघडे उभे राहिलात, तर लोक म्हणतील बाईचा शत्रूसुद्धा धड नाही." त्याच्या वकिलाने ते पाहून, समोरच्या पक्षाकडून लाच घेतली म्हणून त्याची महिनाभर थट्टा केली. बायको तेव्हा होती. तिने निळा दोरा पाहिला, बोट फिरवलं आणि म्हणाली, टाका चांगला आहे, उसवू नका.

ज्या घरावरून हे सगळं चाललं होतं, ते बायकोनेच निवडलं होतं. तीन खोल्या आणि मागच्या दाराला एक दगडी पायरी, जिच्यावर सकाळचं ऊन येई. बायको त्या पायरीवर बसली, पाय पसरले, आणि घर बघायला आलेल्या माणसाने करू नये ते केलं, डोळे मिटले. बाई दारात उभ्या राहून बघत होत्या. तेव्हा त्यांना घर विकायचंच होतं. लेक भांडून निघून गेली होती, कुठे ते सांगितलं नव्हतं, आणि रिकामं घर अंगावर येतं असं त्या म्हणाल्या. साठेखत झालं, इसार दिला. खरेदीखताला तीन महिन्यांची मुदत होती, आणि दुसऱ्या महिन्यात लेकीचं पहिलं कार्ड आलं. बरी आहे, एवढंच. पाठवणारीचा पत्ता नव्हता. पण येणाऱ्या कार्डाला तर पत्ता लागतो, आणि लेकीला ठाऊक असलेला आईचा पत्ता जगात एकच होता. बाईंनी इसार परत पाठवला, याने घेतला नाही, आणि त्या म्हणाल्या की आता विकणार नाही, काय करायचं ते करा. त्याने दावा केला. का विकणार नाही हे कारण त्या कोर्टात कधीच बोलल्या नाहीत. त्यांच्या वकिलाने मुदत, मोजणी, सहीची तारीख असलं काहीबाही लढवलं. कारण त्याला कळलं ते बाकावर, दाव्याच्या नवव्या वर्षी. तोवर फार उशीर झाला होता. दावा म्हणजे उतारावर सोडलेली गाडी, मागून पळणाऱ्याला वाटतं आपण ती चालवतो.

पहिल्या वकिलाने पहिल्याच दिवशी सांगितलं होतं की अशा दाव्यात एक गोष्ट शेवटपर्यंत सिद्ध करावी लागते: घेणारा आपला भाग पुरा करायला सदैव तयार व इच्छुक आहे. सदैव, म्हणजे आज, उद्या, निकालाच्या दिवशीही. दुसरीकडे घर केलंत, बस्तान बसवलंत, तर समोरचे म्हणतील याला हे घर नकोच आहे. वकील बोलण्याच्या ओघात बोलून गेला असेल. पण मुद्रितशोधक अक्षराचा माणूस. त्याने ते अक्षरशः घेतलं. भाड्याच्या दोन खोल्यांत त्याने भिंतीला खिळा ठोकू दिला नाही. जास्तीची भांडी खोक्यात राहिली, खोक्यांना सुतळी राहिली, आणि बायकोचा माहेरचा उभा आरसा जुन्या चादरीत गुंडाळलेला दाराआड उभा राहिला, कारण आज ना उद्या हलायचंच आहे. बायको तळहाताएवढ्या आरशात केस विंचरी. एकदा, फणी खाली ठेवून, रागाने नव्हे, सहज बोलावं तशी ती म्हणाली, "अहो, लोक घरात राहतात. आपण सामानात राहतो." तो म्हणाला, पुढच्या तारखेला बहुतेक होईल. ती तेरा वर्षं वाट बघून गेली. आरसा गुंडाळलेलाच होता.

मग खोल्यांमध्ये आवाज उरला नाही. तुम्हाला सांगतो, एकट्या माणसाला शांततेचा त्रास होत नाही, तिच्यातल्या बारक्या आवाजांचा होतो. नळाचा एक थेंब. वरच्या मजल्यावर कुणीतरी खुर्ची ओढतं, आणि ती खुर्ची आपल्यासाठी ओढलेली नसते. वर्षातून तीनदा, फार तर चारदा, तारीख पडे. तो आदल्या दिवशी कोट झटके. बाई जिना चढून येत, धापा टाकत बसत, आणि विचारत, "काय हो वादी, जेवलात का?" त्याला जेवलात का विचारणारं दुसरं कुणी उरलं नव्हतं. पुढची तारीख मिळाली की दोन्ही वकील चडफडत, आणि हे दोघे गुपचूप समाधानाने आपापल्या पिशव्या उचलत. हे त्यांनी एकमेकांना कधी सांगितलं नाही. सांगण्यासारखं ते नव्हतंच.

आता ती ओळ. चार वर्षांपूर्वीची गोष्ट. बायकोला जाऊन दोन वर्षं झाली होती. बाईंच्या डोळ्यांत मोतीबिंदू उतरला होता, सुईत दोरासुद्धा न्हाव्याची सून ओवून देई. तारखेच्या सकाळी लेकीचं कार्ड आलं आणि ते घेऊन त्या थेट कोर्टात आल्या. जगात वाचणारी माणसं काय कमी होती? त्यांचा वकील होता, कारकून होते. पण त्या बाकावर बसल्या, कार्ड पुढे केलं आणि म्हणाल्या, "तुम्ही वाचा. तुमचा तो धंदाच आहे." खरंच होता. छापखान्यात एकतीस वर्षं तो जोडीने मुद्रितं तपासत आला होता. एकाने मूळ प्रत मोठ्याने वाचायची, स्वल्पविराम, पूर्णविराम, सगळं उच्चारून. दुसऱ्याने छापलेल्या कागदावर बोट फिरवत ऐकायचं. तो वाचणारा. त्याचा आवाज सपाट, स्वच्छ, कुठे न अडखळणारा. वस्ताद त्याला शिकवताना म्हणाला होता, अक्षर चुकलं तर वाचणारा हसतो आणि सुधारून घेतो. ओळ गळली तर त्याला कळतच नाही की काही गळलं. म्हणून ते पाप मोठं. एकतीस वर्षांत त्याने ओळ गाळली नाही.

त्याने कार्ड वाचलं. आई, मी बरी आहे. इथे बंदरावर हवा दमट असते. ज्यांना ऐकू येत नाही अशा मुलांच्या शाळेत मी शिकवते, खरं तर तीच मला हातांनी बोलायला शिकवतात. आणि त्याच्या पुढे लिहिलं होतं: ते घर विकून टाक आणि इकडे ये, तुझ्यासाठी खोली रिकामी ठेवली आहे. खाली, पहिल्यांदाच, पत्ता होता, घरक्रमांकासकट. त्याचे डोळे ओळीवरून गेले. आवाज गेला नाही. आवाजाने एक उडी मारली आणि तो वाचता झाला: तब्येतीला जप, तुझी. मधे श्वास घ्यायलासुद्धा थांबला नाही इतकं ते सफाईदार झालं. बाईंनी पदराने डोळे पुसले आणि म्हणाल्या, पत्ता नाहीच का या खेपेलाही? तो म्हणाला, नाही.

घरी जाताना त्याने स्वतःला चांगलं कारण दिलं होतं. वादीच जर वाचून सांगू लागला की लेक म्हणते घर विकून टाक, तर बाई काय समजतील? हा लबाड आहे, पदरचं घालून वाचतो आहे. तेव्हा न वाचणं हाच सरळपणा. कारण इतकं नीटनेटकं होतं की त्याने ते पुन्हा पुन्हा घडी घालून ठेवलं. पण त्याच्या खाली काय होतं ते त्याला ठाऊक होतं. ती ओळ वाचली असती तर बाईंनी त्याच दिवशी सही दिली असती. घर त्याचं झालं असतं. आणि त्या गेल्या असत्या, बंदरावर, लेकीकडे. दावा संपला असता. मग जेवलात का कोण विचारणार?

पुढे दर तारखेला बाई ते कार्ड चष्म्याच्या डबीतून काढत. "परत एकदा वाचा हो." तो वाचे, आणि दर खेपेला त्याच ठिकाणी उडी मारी, पुढेपुढे तर कागदाकडे न बघता. नंतर कार्डं येणं बंद झालं. बंद का झालं हे जगात एकट्या त्यालाच माहीत होतं: लेकीने बोलावलं आणि आई गेली नाही, उत्तरसुद्धा दिलं नाही. बाई विचारत, "रागावली असेल का हो?" आणि तो सांगे, टपालाचं हल्ली काही खरं नाही.

बाई वारल्याचं कळलं त्या दिवशी तो खोलीवर पोचला तेव्हा दुपार झाली होती. कोट न काढता खोक्यांमध्ये बसून राहिला. पन्नास दिवस. गप्प बसणं म्हणजे काहीच न करणं, असं वकिलाला वाटत होतं. पण याला आता कळत होतं की आपण चार वर्षं दिवसरात्र हेच काम करत आलो आहोत, आणि त्यात आपल्याइतका तयार व इच्छुक माणूस मिळणार नाही. त्याने डोळ्यांसमोर घर आणून पाहिलं. मागचं दार, पायरी, पायरीवर ऊन. बायकोला तिथे बसवून पाहिलं, ती बसेना. दर खेपेला तिथे वाकलेल्या पाठीची बाई बसलेली दिसे, हातात कार्ड धरून, कार्ड डोळ्यांच्या अगदी जवळ नेऊन. चार वर्षं ती असं करत असणार. मोतीबिंदूच्या धुक्यातून तिला अक्षरांचे काळे ठिपके दिसत असणार आणि त्याचा आवाज आठवत असणार, आणि ठिपके आवाजापेक्षा जास्त आहेत हे कदाचित एखाद्या दुपारी तिच्या लक्षातही आलं असेल. त्याला उभं राहावंसं वाटलं. तो दारापाशी गेला आणि सुतळी सोडून चादर ओढली. आरसा कडांना काळवंडला होता. आत एक म्हातारा होता, तपकिरी कोटातला, आणि त्याच्या छातीखाली निळ्या दोऱ्याचा एक टाका अजून घट्ट होता.

त्याने कागद घेतला. पत्ता आठवावा लागला नाही. तो चार वर्षं कुठे गेलाच नव्हता. लिहिलं की आपल्या आई अमुक तारखेला वारल्या. लिहिलं की अपिलात नाव लावण्याला इतके दिवस उरले आहेत, आणि त्यांच्या वकिलांचा पत्ता दिला. मी समोरचा पक्ष आहे, हेही लिहिलं. शेवटी लिहिलं: आपलं कार्ड मी त्यांना वाचून दाखवलं, बऱ्याच वेळा, आणि दर वेळी एक ओळ गाळली. त्यांना ती कधी कळली नाही. त्या आल्या नाहीत तो दोष त्यांचा नव्हे. पत्र संपल्यावर सवयीने त्याने ते मोठ्याने वाचलं, स्वल्पविराम, पूर्णविराम, आणि खालच्या पेठेत जाऊन दिवसाउजेडी टपालात टाकलं. पेटीत पत्र पडल्याचा आवाज अगदी बारका होता.

वकिलाला कळलं तेव्हा तो कपाळावर हात मारून म्हणाला, काका, लोक आपल्या पायावर धोंडा पाडून घेतात, तुम्ही धोंडा टपालाने मागवलात.

नव्वद दिवसांतल्या सत्तराव्या आणि ऐंशीव्या दिवसांच्या मधे केव्हातरी वारसाचा अर्ज दाखल झाला आणि त्यानंतर तारीख आली. मुद्रितशोधक पावणेअकराला येऊन बसला. पिशवी मांडीवर घ्यावी की शेजारी ठेवावी हे त्याला ठरवता येईना; शेवटी शेजारी ठेवली. जिन्यावर पावलं वाजली, ती धापा न टाकता वर आली. चाळिशीपुढची बाई, दमट हवेने रापलेली. पाठ ताठ होती, पण कपाळ आईचं. तिने बाकावरच्या पिशवीकडे पाहिलं, मग त्याच्याकडे. त्याने पिशवी उचलली. ती बसली.

समोर भिंत होती. तिथे जुन्या तारखांच्या याद्या चिकटवून खरवडल्याच्या खुणा होत्या. मग ती बोलू लागली, वकिलाशी ठरवून आलेलं बोलावं तशी. खरेदीखतावर ती सही करणार होती. आईचं मशीन तेवढं नेणार होती, बाकी घर त्याचं. अपील आजच काढून घेतलं जाईल. तो काहीतरी म्हणू लागला, "मला घर आता...", तेव्हा तिने हाताने थांबवलं. त्या हाताची हालचाल इतकी स्पष्ट होती की शब्द लागलाच नाही. "मी आईला जे लिहिलं होतं तेच करते आहे," ती म्हणाली. "विकून टाक म्हणून लिहिलं होतं. तुमच्यासाठी नाही करत."

त्याने मान हलवली. आता तारीख पडणार नव्हती. ज्याच्यासाठी एकोणीस वर्षं तयार राहिला ते मिळालं होतं, आणि ज्याच्यासाठी चार वर्षं गप्प राहिला ते गेलं होतं, आणि दोन्ही एकाच सकाळी, एकाच बाकावर. आपल्याला कसलंच वाईट वाटत नाही, फक्त पाय गार पडले आहेत, असं त्याच्या लक्षात आलं.

ती पिशवीत काही शोधत होती. चष्म्याची डबी निघाली. तिच्यातलं कार्ड घड्यांवर विरलं होतं, कडा बोटांच्या तेलाने पिवळ्या पडल्या होत्या. "मशीनच्या खणात होतं," ती म्हणाली. "शेजारचे न्हावीकाका सांगत होते, आई म्हणायची, आमचे वादी फार छान वाचतात." तिने कार्ड त्याच्यापुढे धरलं. "तुम्हाला काय शिक्षा करावी मला सुचत नाही. मी गाडीत सगळा वेळ विचार केला. वाचा."

त्याने कार्ड घेतलं. त्याची गरज नव्हती, तरी डोळ्यांपाशी धरलं. आई, स्वल्पविराम, मी बरी आहे, पूर्णविराम. आवाज सपाट होता, स्वच्छ, छापखान्यातल्यासारखा. बंदर झालं, दमट हवा झाली, मुलांचे हात झाले, आणि ती जागा आली. जीभ सवयीने उडी मारायला उचलली गेली. तो थांबला. व्हरांड्यात कारकून फायली घेऊन जात होते, आतून शिपाई कुणाचं तरी नाव पुकारत होता, बहुधा यांचंच. "ते घर विकून टाक आणि इकडे ये, स्वल्पविराम," तो म्हणाला, "तुझ्यासाठी खोली रिकामी ठेवली आहे. पूर्णविराम." आणि मग पत्ता, घरक्रमांकासकट, शेवटच्या अक्षरापर्यंत.

लेकीने डोळे मिटून घेतले होते. "परत एकदा," ती म्हणाली. "सावकाश. तिला ऐकू जाईल असं."

आणि त्याने परत वाचलं.

झाली गोष्ट. उठण्याआधी माझं मागणं ऐका. त्या म्हाताऱ्याला लक्षात ठेवा असं मी म्हणत नाही. त्याचा हिशेब त्याच्या देवापाशी, आणि देव दयाळू आहे. पण त्या शिवणाऱ्या बाईंची आठवण ठेवा, ज्यांनी आपल्या शत्रूचं बटण लावलं आणि त्याच्याच हातात आपलं कार्ड विश्वासाने दिलं. कधी कुणी अधू डोळ्यांचं माणूस तुमच्यापुढे कागद धरून म्हणेल, वाचा हो जरा. तेव्हा त्या मनात येऊ द्या, आणि खालच्या पत्त्यापर्यंत वाचा.